शेवटच्या दृश्याची धून

१. कोरं रीळ

डबा जागेवर होता. वजन बरोबर होतं, झाकणावर निळ्या पेन्सिलीनं 'समुद्र' असं लिहिलेलंही होतं. नेल्लोनं आतलं रीळ यंत्रावर चढवलं, बटण दाबलं, आणि भोंग्यांतून नुसती खरखर आली. नेल्लोला वाटलं, उलटं लागलं असेल. काढून पुन्हा लावलं. पुन्हा खरखर. मग तो स्टुडिओतला ध्वनिमुद्रण करणारा भला दांडगा माणूस खुर्चीत बसला आणि म्हणाला, "मेलो."

हे मला दुसऱ्या दिवशी कळलं, कारण सिनेमाचा निर्माता आमेदेओ त्रांक्विल्ली माझ्या बायकोचा मावसभाऊ. काराबिनिएरी पोलिसांत उभी हयात घालवून मी निवृत्त झालो होतो, पण नातेवाइकांच्या लेखी मी अजून फौजदारच. कुणाची मांजर हरवली तरी बोलावणं मला.

"दाजी, पोलिसांत नको," आमेदेओ खुर्ची पुढे ओढत म्हणाला. "वर्तमानपत्रात आलं तर सिनेमा महोत्सववाले बिचकतील. शनिवारी प्रत जायचीय. तोवर रीळ आणून द्या."

"नाही मिळालं तर?"

"तर तयार संगीताच्या कपाटातलं काहीतरी चिकटवतो. पुन्हा सगळा वाद्यवृंद बसवणं मला झेपणार नाही. पण कपाटवाले सिनेमाच्या पाटीवर नाव स्वतःचंच टाकायला लावतात. म्हणजे एर्मेतेचं नाव गेलं."

एर्मेते सावोल्दी. मी हे नाव कधी ऐकलं नव्हतं, आणि ऐकलेलं नसावं अशीच त्याची कारकीर्द होती. युद्ध संपल्यापासून तो सिनेमाला संगीत देत होता, पण पाटीवर नाव दुसऱ्यांचं. बहुतेक वेळा एकाच माणसाचं, नामवंत संगीतकार माएस्त्रो फूरियो ग्रादेनिगोचं. अख्ख्या रोमच्या सिनेमावाल्यांना हे ठाऊक होतं आणि अख्ख्या रोममध्ये ते कुणी मोठ्यानं बोलत नव्हतं. आमेदेओनं त्याला पहिल्यांदा स्वतःच्या नावाचा सिनेमा दिला होता. दीपगृहावरच्या एका म्हाताऱ्या विधुराची गोष्ट, आणि शेवटच्या दृश्यात म्हातारा समुद्राकडे बघत बसतो तिथली धून. चोरीला गेली ती नेमकी तीच.

बाकी सगळी रिळं होती. महागडे माइकही जागच्या जागी होते.

२. ओली शाई

स्टुडिओ एका चर्चच्या तळघरात होता. वर घंटा वाजायला लागल्या की खाली सगळ्यांनी वाद्यं मांडीवर ठेवायची आणि थांबायचं, हा तिथला रिवाज. मला तर ती घंटाच त्यातल्या त्यात बरी वाटली. माझे कान म्हणजे दगड. बायको म्हणते, लग्नात बँड वाजत होता तेव्हा मी पाऊस आला का म्हणून विचारलं होतं.

"त्या दिवशीचं सांग," मी नेल्लोला म्हटलं.

"सकाळी आधी समुद्राची धून घेतली. नीवेसबाई गायल्या. शब्द नाहीत, नुसता आकार. आवाज आम्ही नेहमी आधी घेतो. पोटात अन्न गेलं की गाणाऱ्याचा श्वास आखडतो. एर्मेतेनं कागद ऐन वेळेला आणले, शाई ओली. पण काय सांगू फौजदारसाहेब, पहिल्या फटक्यात झालं! बाई कागदाकडे बघतसुद्धा नव्हत्या, नजर सगळी पडद्यावर. शेवटी तर रडल्या. वाजवणारेही गप्प झाले, आणि ते लोक कुणाच्या बापासाठी गप्प होत नाहीत."

"मग?"

"मग दुपारची घंटा झाली, सगळे समोरच्या खानावळीत. जेवून आल्यावर नुसती व्हायोलिनं राहिली होती, ती घेतली. आल्या आल्या मी कपाटाला कुलूप लावलं, किल्ली खिशात."

"जेवताना कपाट उघडं?"

नेल्लोनं मान खाली घातली. "इथं कोण नेणार?"

"कोणीतरी नेलं ना. खाली कोण राहिलं होतं?"

"नीवेसबाई. गाणारी माणसं गाण्याआधी जेवत नाहीत ना." मग तो घुटमळला. "आणि जेवण झाल्यावर माएस्त्रो ग्रादेनिगो आले होते. सगळ्यांना पेस्ट्री घेऊन. जाताना त्यांच्या ड्रायव्हरच्या हातात पिशवी होती. चांगली फुगलेली."

मी उठलोच.

३. नवा टाय

पण आधी सावोल्दीला भेटणं भाग होतं. तो रोमच्या तेस्ताच्चो भागात राहायचा, तिसऱ्या मजल्यावर. दार उघडलं ते एका बुटक्या, स्वच्छ दाढी केलेल्या माणसानं. आत एक उभा पियानो, त्याच्यावरच्या दिव्याला टांगलेला गडद निळा टाय. किमतीची चिठ्ठी अजून तशीच.

"महोत्सवासाठी," तो ओशाळून म्हणाला. "घाई केली बहुतेक."

त्यानं कॉफी केली. ती करताना दोनदा साखर घातली आणि ते त्याला कळलं नाही. त्या माणसाचं सारं लक्ष दारावर होतं. मी आत येताना रीळ घेऊनच येईन असं त्याला वाटलं असावं. मला उगाच अपराधी वाटलं.

"या आधी कधी नाव आलं होतं?"

"एकदा. दातांच्या पेस्टवरच्या माहितीपटात. तेही चुकीचं छापलं होतं." तो हसला. "बाकी मी मदतनीस होतो, फौजदारसाहेब. मदतनीसाला नाव नसतं. यावेळी मात्र गावी ब्रेशियात ताईनं सगळ्या गल्लीला सांगून ठेवलंय. न्हाव्यालासुद्धा."

"ही धून आधी कुणाला ऐकवली होती?"

"कुणालाच नाही. दिग्दर्शकालासुद्धा नाही. म्हटलं, नजर लागेल. त्या सकाळपर्यंत ती या खोलीबाहेर गेली नव्हती."

"सुचली कधी?"

त्याचा चेहरा एकदम उजळला. "दाढी करताना! अख्खीच्या अख्खी आली. मी कधी असं लिहीत नाही हो, मी घाम गाळून लिहिणारा माणूस. ही जशी काही दाराबाहेर उभीच होती, मी फक्त आत घेतली." मग आवाज खाली आणून म्हणाला, "ती गेली तर माझ्याकडे दुसरी नाही. खोटं नाही सांगत. आता या वयात नाही येत."

जिना उतरताना मी ग्रादेनिगोला मनातल्या मनात बेड्या ठोकून मोकळा झालो होतो.

४. फुगलेली पिशवी

माएस्त्रो ग्रादेनिगोचा बंगला आप्पिया रस्त्यावर, पाइनच्या झाडांत. माणूस उंच, देखणा, केस पांढरे. मला राग यावा असं त्यानं काहीच केलं नाही, याचाच राग आला.

"स्टुडिओत कशाला गेला होतात?"

"एर्मेतेचा पहिला सिनेमा! मी नाही जायचं तर कोणी जायचं? पोहोचायला उशीर झाला, धून आधीच घेऊन झालेली. मला नुसती व्हायोलिनं ऐकायला मिळाली."

"पिशवीत काय होतं?"

त्यानं डोळे मोठे केले आणि खो खो हसला. "पेस्ट्रीचे ट्रे! चांदीचे आहेत, सासूबाईंचे. परत नाही आले तर आमची घर सांभाळणारी बाई मला घरात घेत नाही. विचारा तिला."

मी खरंच विचारलं. बाईनं ट्रे आणून दाखवले, वर माझ्या बुटांना चिखल आहे हेही सांगितलं.

"तुमच्यासाठी तोच लिहायचा ना?" मी जाता जाता सरळ विचारलं.

ग्रादेनिगो गंभीर झाला. "वाद्यं बसवून द्यायचा. नेटका माणूस. पण खरं सांगू? धून ही त्याची गोष्ट नाही. धून ती देवानं द्यावी लागते. त्याचं रीळ सापडावं अशी माझी मनापासून इच्छा आहे."

तो खोटं बोलत नव्हता. चाळीस वर्षं खोटं बोलणारे लोक बघितलेत मी; हा माणूस मनापासून बोलत होता. शिवाय तो आला तेव्हा कपाटाला कुलूप लागलेलं होतं. म्हणजे चोरी जेवणाच्या सुट्टीतच झाली होती, पण तेव्हा खाली असलेल्या नीवेसबाईंना ती करायचं काही कारण दिसेना, आणि मी होतो तिथंच राहिलो.

५. गुरुवारची न्योक्की

गुरुवारी आमच्याकडे बटाट्याच्या उकडलेल्या गोळ्यांची न्योक्की असते. मी ताटलीत काटा फिरवत बसलो होतो आणि बायको बघत होती.

"जेवा ना. कसला उपास धरलाय?"

"तू नाही का बसत?"

"रांधून होईपर्यंत मी घास घेत नाही, तुम्हाला माहितेय. आता झालं ना काम? काम झाल्यावर कोण उपाशी राहतं?" असं म्हणून तिनं स्वतःची ताटली भरून घेतली.

काटा माझ्या हातातच राहिला. गाणारी माणसं गाण्याआधी जेवत नाहीत. पण नीवेसबाईंचं गाणं तर घंटेच्या आधीच संपलं होतं! दुपारी फक्त व्हायोलिनं घ्यायची होती. मग ती बाई उपाशीपोटी खाली का बसून राहिली?

आणि मग दुसरं सुचलं, आणि ते सुचल्यावर न्योक्की गेलीच. जी धून एर्मेतेनं कुणालाही ऐकवली नव्हती, जिच्या कागदावरची शाई वाळली नव्हती, ती या बाईनं कागदाकडे न बघता गायली होती.

तिला ती आधीपासून पाठ होती.

६. चादरींच्या खाली

नीवेस पाग्नान मूळची किओज्जाची, कोळ्याची मुलगी. आता रोमच्या प्राती भागात एका लहान घरात मुलांना गाणं शिकवायची. पन्नाशी उलटलेली, केस घट्ट बांधलेले. मला बघून ती दचकली नाही. दार लावलं, कपाट उघडलं आणि चादरींच्या खालून रीळ काढून माझ्यासमोर ठेवलं.

"किती उशीर केलात," ती म्हणाली.

"तुम्ही का केलंत हे? तो माणूस मरायला टेकलाय."

"मी त्याला वाचवत होते."

तिनं एका जुन्या सिनेमाच्या संगीताची तबकडी काढली. कव्हरवर तस्करांची बोट आणि एक उघड्या खांद्यांची नटी, खाली मोठ्या अक्षरांत फूरियो ग्रादेनिगो. तिनं ती लावली. माझे कान दगडाचे असले तरी एवढं कळलं की एक बाई शब्दांशिवाय गातेय.

"ही मीच," ती म्हणाली. "वीस वर्षांपूर्वी. हा सिनेमा कुणी पाहिला नाही. एर्मेतेनं ही धून त्या उन्हाळ्यात लिहिली, माझ्या आवाजाच्या मापानं. मला समोर बसवून, मी श्वास कुठं घेते ते बघून. मग माएस्त्रोला देऊन टाकली, बाकीच्या दिल्या तशीच."

"आणि तीच धून आता..."

"त्या सकाळी कागद हातात आला, पडद्यावर समुद्र आला, आणि गळा आपोआप चालायला लागला. अर्ध्यात आल्यावर कळलं मी काय गातेय. लोकांना वाटलं, भारावून रडली." तिनं तबकडी थांबवली. "फौजदारसाहेब, ग्रादेनिगोच्या धुनांवर त्याच्या प्रकाशकाचे वकील टपून असतात. मागे एका बिचाऱ्याला चार सुरांसाठी कोर्टात खेचलं त्यांनी. जन्मात पहिल्यांदा याचं नाव छापलं जाणार, आणि त्याच्या पुढे काय छापलं जाणार? चोर! स्वतःच्याच धुनेचा चोर!"

"त्याला सांगायचं होतंत."

"तो हसत होता हो! इतक्या वर्षांत मी त्याला असं हसताना पाहिलं नव्हतं. म्हटलं, रीळ हरवलं की दुसरी लिहील. आमेदेओ त्याचं नावच काढेल हे मला कुठं ठाऊक? आता तोंड उघडलं तरी त्याचं मरण, मिटलं तरी."

मग ती खिडकीकडे बघत म्हणाली, "ही धून मी वीस वर्षं घरात गुणगुणतेय. भांडी घासताना, मुलं गेल्यावर. मला वाटायचं, त्यालाही आठवत असेल. तो विसरला, फौजदारसाहेब. साफ विसरला."

मी तिचा कोट आणून दिला.

७. तरुण आवाज

संध्याकाळ व्हायच्या आत आम्ही तेस्ताच्चोत पोहोचलो. सावोल्दीनं आधी नीवेसकडे पाहिलं, मग माझ्या काखेतल्या पिशवीकडे.

"सापडलं?"

"सापडलं," मी म्हटलं. "पण आधी हे ऐका." आणि कव्हर न दाखवता तबकडी लावली.

त्याचा चेहरा असा काही फुलला की मी नजर फिरवली. डोळे मिटून, एक हात हवेत हलवत तो ऐकत राहिला. मग हात हळूहळू खाली आला.

"नीवेस," तो म्हणाला, "हा आवाज तुझाच आहे. पण हा तरुण आहे."

नीवेसनं कव्हर उराशी धरलं.

"वरचा सूर तू आता असा घेत नाहीस. आता तू खाली टेकून वर जातेस. इथं सरळ गेलीस." त्यानं डोळे उघडले. "हे कधीचं आहे?"

नीवेसनं कव्हर त्याच्या हातात दिलं. त्यानं ते वाचलं. इतक्या थोड्या अक्षरांना लागायला नको होता इतका वेळ वाचलं. मग तो पियानोच्या स्टुलावर बसला, पाठ आमच्याकडे करून.

"म्हणजे सुचली नव्हती," तो म्हणाला. "परत आली होती."

"एर्मेते..."

"मी विसरायचो, नीवेस. ठरवून. धून दिली की कच्चे कागद चुलीत घालायचे, ओस्तियाला जाऊन समुद्रात डुबकी मारायची आणि घरी येऊन झोपायचं. नाही विसरलो असतो तर जगलो नसतो. रस्त्यात कुणी शीळ घातली असती तरी भांडायला धावलो असतो. इतका सराव झाला की..." मग तो वळला. "त्या उन्हाळ्यात तू कुठं बसायचीस? या खिडकीत?"

"हो."

"पिवळा झगा होता?"

"हिरवा," ती म्हणाली आणि रडायला लागली.

मला भडभडून आलं आणि संतापही आला. "मी त्या ग्रादेनिगोला धरून आणतो," मी म्हटलं. "चार लोकांसमोर कबूल करायला लावतो. धून तुमची आहे!"

"त्यानं चोरली नाही, साहेब. मी दिली. हातात हात घालून दिली, वर एकत्र जेवलो. दिलेली वस्तू मागायची नसते." त्यानं रीळ उचललं आणि नीवेसच्या मांडीवर ठेवलं. "ही तुझी. तुझ्याच मापाची होती."

"आणि शेवटचं दृश्य?" मी विचारलं.

त्यानं दिव्यावरचा टाय काढला, नीट घडी घातली. "तिथं समुद्र आहेच की. त्याला वाजू दे."

८. पाटीवरचं नाव

आमेदेओला काय, फुकटचं काम. कपाटवाले नकोत, वाद्यवृंद नको. शेवटच्या दृश्यात म्हातारा बसला, लाटा येत राहिल्या आणि संगीत नव्हतं. बाकी सिनेमाभर सावोल्दीचंच संगीत होतं, त्यामुळे पाटीवर नाव राहिलं. बरोबर छापलेलं.

महोत्सवात लोक उभे राहिले. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी संगीतकाराची वाहवा केली. संगीताबद्दल अर्धी ओळ, आणि त्या शेवटच्या शांततेबद्दल अख्खा परिच्छेद. असं धाडस फक्त मोठा कलावंतच करू जाणे, असं एकानं लिहिलं. ब्रेशियाच्या ताईनं ते कात्रण न्हाव्याच्या आरशावर लावलं म्हणे. सावोल्दीनं ते मला वाचून दाखवलं आणि म्हणाला, "बघा साहेब, आयुष्यभर लिहिलं, आणि नाव झालं ते न लिहिलेल्यावर."

नवा सिनेमा त्याला कुणी दिला नाही. दिला असता तरी त्यानं घेतला नसता. काही सुचलं की आधी त्याला भीती वाटायची, ही माझी की दिलेली? नीवेस रोज जायची, दोघं पत्ते खेळायची. पुढच्या हिवाळ्यात छातीत कफ झाला आणि तो गेला.

अंत्यविधी त्या तळघरावरच्याच चर्चमध्ये झाला. नेल्लो, आमेदेओ, पाचसात वादक. निळा टाय त्याच्या गळ्यात होता. नीवेसनंच बांधला होता. ती वेदीपाशी उभी राहिली आणि गायली. शब्द नव्हते. वरच्या सुरावर ती खाली टेकून गेली, आणि माझ्या या दगडी कानांनासुद्धा ते कळलं.

माझ्या शेजारी माएस्त्रो ग्रादेनिगो काळा कोट घालून बसला होता. तो खरंच रडत होता. रुमालानं डोळे पुसत तो माझ्याकडे झुकला.

"काय धून आहे हो," तो पुटपुटला. "कुणाची?"

मी त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर काही म्हणजे काही नव्हतं; त्याला खरोखर माहीत नव्हतं.

"लिहिली त्यांनी," मी शवपेटीकडे बोट केलं. "नाव तुमचं आहे."

त्याचा रुमाल तसाच हातात राहिला. नीवेस गात होती तोवर तो हलला नाही, आणि तिचं संपल्यावर वर घंटा सुरू झाल्या. खाली स्टुडिओत कुणी वाजवत असतील तर त्यांनी वाद्यं मांडीवर ठेवली असतील.